रोह्याचा पाट

पेणला आत्याच्या घरात दोन वास कायम असायचे. एक वालाच्या बिरड्याचा आणि दुसरा भिजलेल्या कागदाचा. बिरड्याचा वास कुणाला समजावून सांगायला नको, निदान आमच्याकडे तरी. भिजलेल्या कागदाचा मात्र सांगणं कठीण आहे. थोडा डिंकाचा, थोडा आंबूस, थोडा शाळेच्या बंद कपाटाचा. घरामागच्या पडवीत आतोबांचा, म्हणजे आत्याच्या यजमानांचा, गणपतीचा कारखाना होता. कारखाना म्हणजे यंत्रं, भोंगा वगैरे काही नाही. पेणला गणपती जिथे घडतात त्या जागेला कारखानाच म्हणतात, मग ती गोठ्याएवढी का असेना. शाडूच्या मूर्ती आतल्या बाजूला, आणि ज्यांना एसटीने लांब जायचं त्यांच्या मूर्ती कागदाच्या लगद्याच्या, कारण त्या हलक्या. रद्दी फाडायची, हौदात भिजत घालायची, चांगली गळून मऊ झाली की कुटायची, डिंक आणि खडूची पूड मिसळून साच्यात दाबायची. कुटण्याचा धप धप आवाज दिवसभर चालू. आत्या म्हणायची, हा आवाज बंद पडला की मला दुपारच्या झोपेतून जाग येते.

मी तिथे राहायला गेले ती आई गेल्यावर. आई काविळीने गेली, आणि फार पटकन गेली. अण्णा, म्हणजे माझे वडील, रोह्याला कंपनीत शिफ्टवर होते. नाइट शिफ्टला पोरीला घरात एकटी ठेवणार कशी? म्हणून त्यांनी मला, माझ्या दप्तराला आणि कपड्यांच्या पिशवीला एसटीत घातलं आणि पेणला थोरल्या बहिणीच्या ओट्यावर आणून उतरवलं. "घर जरा चालायला लागलं की नेतो हिला," असं ते आत्याला म्हणाले. मला कोणी काही म्हणालं नाही. लहान मुलांसमोर त्यांच्याविषयी असं बोलतात की जणू ती मुलं म्हणजे दारातली बादली आहे. मला त्याचा तेव्हाही राग यायचा आणि आताही येतो.

आईचं नाव अण्णांनी त्या दिवशी घेतलं नाही आणि पुढेही घेतलं नाही. आई असताना ते शिफ्टवरून आले की अंगणातूनच सुरुवात करायचे. "सुमन, पाणी तापव गो." "सुमन, पिशवी घे गो." आणि आई आतून ओ द्यायची. कधी लांब, कधी आखूड, रागावलेली असली तर फारच आखूड. त्या ओवरून आज जेवायला सुका जवळा आहे की नुसती डाळ, ते अण्णांना म्हणे दारातच कळायचं. ती गेल्यावर ते अंगणातून मुक्याने आत यायला लागले. चपला काढल्याचा आवाज आला की समजायचं, आले. महिन्या-दीड महिन्याने ते पेणला भेटायला यायचे, माझ्या हातात खाऊची पुडी द्यायचे, आतोबांशी पावसापाण्याचं बोलायचे आणि शेवटच्या एसटीआधी निघून जायचे.

घर चालायला लागलं हे मला कळणार कसं, याचा मी खूप विचार केला आणि माझ्यापुरतं एक ठरवून टाकलं. आषाढ लागला की कारखान्यात पाट यायला लागत. आमच्याकडे गणपतीची मूर्ती सुटी नेत नाहीत. प्रत्येक घराचा आपला एक पाट असतो, तो आधी कारखान्यात आणून द्यायचा, त्याच्यावरच मूर्ती बसते आणि त्याच पाटावरून ती घरी जाते. विसर्जनाला मूर्ती पाण्यात जाते, पाट तेवढा परत येतो, चिमूटभर वाळू घेऊन. आमचा पाट दरवर्षी आईच पेणला घेऊन यायची आणि नणंदेकडे दोन दिवस अगदी माहेरी आल्यासारखी राहायची. त्या वर्षी अण्णा नुसतं "बघू" म्हणाले होते. घरात माणूस गेलेलं, वर्षाच्या आत गणपती आणावा की आणू नये, यावर आमच्या आळीत दोन मतं होती आणि अण्णांना एकही नव्हतं. मी ठरवलं, रोह्याचा पाट आला तर घर चालू झालं. पाट आला नाही तर मी इथलीच. पडवीच्या भिंतीशी पाटांची रांग वाढत होती. खांबचे आले, कोलाडचे आले, वाशीचे आले. मी रोज शाळेतून आले की दप्तर न ठेवता आधी ती रांग बघायची.

मंदी मला भेटली ती त्याच पडवीत. तिची माणसं खाडीकडची, मिठागरावर काम करणारी. पावसात मिठागर पाण्याखाली जायचं, मग तिची आई भाताच्या लावणीला जाई आणि मंदी आमच्याकडे रद्दी फाडायला येई. माझ्याएवढीच असेल, पण हाताच्या घट्ट्यांमुळे मला मोठी वाटायची. शाळा तिने दुसरीत सोडली होती. "अक्षरा वळखते," ती सांगायची, "पण ती येकमेकांना चिकटली की मना काय उमगत नाय." बोलायला मात्र पट्टीची. आतोबा म्हणायचे, हिच्या तोंडातला वारा वळवून घेतला तर मूर्ती सुकवायला शेगडी लागायची नाही.

एका संध्याकाळी कुठल्याशा बंद पडलेल्या वाचनालयाची पोती आली. पुस्तकांची पद्धत अशी की आधी पुठ्ठे ओरबाडून काढायचे, कारण पुठ्ठा भिजत नाही. मग मागून पानं सोडवत यायचं, मागच्या बाजूने शिवण लवकर सुटते. मंदी त्यात तरबेज होती. मी शेजारी बसले तेव्हा तिच्या मांडीवर एक पुस्तक अर्धं उरलं होतं, आणि वरच्या पानावर चित्र होतं. माळ्यावर, कौलांतून आलेल्या उजेडात, एक मुलगी गुडघे पोटाशी घेऊन वाचत बसलेली. मी ते हिसकावलंच. पाठीमागची सगळी पानं तोवर हौदात गेली होती. मी हात घालून काही बाहेर काढलीसुद्धा, पण ती बोटांतच विरघळली.

पुस्तक मुलांचं होतं. नाव पुठ्ठ्याबरोबर गेलेलं, लेखकही त्याच्याबरोबरच. नलू नावाच्या मुलीची आई जाते आणि तिला मामाकडे डोंगरातल्या गावात पाठवतात. ती बोलेनाशी होते. शेजारी एक म्हातारे मास्तर असतात, त्यांची नजर गेलेली आणि घरात माळाभर पुस्तकं. पोस्टमनचा मुलगा बाळू तिला तिथे घेऊन जातो, आणि नलू मास्तरांना वाचून दाखवायला लागते. स्वतःचं असं एक अक्षर बोलत नाही, पण पुस्तकातलं मोठ्याने वाचते. बाळू तिच्याशी गप्पा मारतो आणि तिच्या वाटचंही स्वतःच बोलतो. मी हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा माझ्या कानशिलांतून गरम वाफ निघाल्यासारखं झालं. माझी गोष्ट दुसऱ्या कुणाला ठाऊक होती! तोवर मला वाटायचं की आई जाणं हे फक्त मलाच झालेलं काहीतरी लाजिरवाणं दुखणं आहे, चारचौघांत बोलायचं नाही असं. आणि इथे कुणीतरी ते सरळ छापलं होतं. उरलेल्या शेवटच्या पानावर नलूचे वडील तिला न्यायला येतात असं कळतं, ती धावत अंगणात येते, आणि शेवटची ओळ अशी: "नलूने फाटकाकडे पाहिले. तिथे". एवढंच. पुढचं हौदात.

मी मंदीला ते अर्धं पुस्तक वाचून दाखवायला लागले. आतोबांची एकच अट, "वाच, पण हात चालव." म्हणून पुस्तक मांडीवर उघडं ठेवून मी वर्तमानपत्रं फाडत फाडत वाचायची. संपलं की पुन्हा पहिल्यापासून. मंदीला कंटाळा कसा तो यायचा नाही. बाळू आला की ती हसायची, मास्तर आले की गप्प व्हायची, आणि त्या "तिथे"शी आलो की आम्ही दोघी थांबायचो. बाहेर पत्र्यावर पाऊस, आत धप धप.

हे असं अर्धवट वाचणं मला नवीन नव्हतं. आईला वाण्याकडच्या पुड्यांचे कागद वाचायची सवय होती. साखर डब्यात ओतली की ती कागद सरळ करायची आणि उभ्याउभ्याच वाचायची. कधी कोर्टातल्या खटल्याची बातमी, कधी एखाद्या गोष्टीचं पान, आगा ना पीछा. वाचून झालं की मला विचारायची, "पुढं काय झालं असेल गो?" मी काहीतरी सांगायची, ती ते नाकारायची, आणि दूध उतू जायचं. आज माझी नात फोनवर हवं ते पुस्तक अख्खं मिळवते आणि दोन पानांत सोडून देते. मी तिला काही बोलत नाही. पण साखरेचे दाणे चिकटलेल्या त्या कागदांवर आम्हा मायलेकींनी जेवढं वाचलं, तेवढं सुख मला पुढे कुठल्या जाडजूड पुस्तकाने दिलेलं नाही, हे खरं.

म्हणून एकदा त्या "तिथे"पाशी थांबल्यावर मी मंदीला विचारलं, "पुढं काय झालं असेल गो?"

"मना ठावं हाय," मंदी लगेच म्हणाली. "मीच फाडलाय ना तो."

तिने ते वाचलेलं नव्हतं हे मला पक्कं माहीत होतं. तिलाही माहीत होतं की मला माहीत आहे. तरी मी म्हटलं, "सांग."

तिने रोज वेगळा शेवट सांगितला. एकदा नलूचा बापूस घोड्यावरून आला. एकदा मास्तरांची नजर परत आली. एकदा फाटकाशी नलूची आईच उभी होती, आणि मी इतकी चिडले की हातातला कागद तिच्या अंगावर फेकला. "मेलेलं माणूस येत नाय. तुला काय कळतं? तुझी आई हाय ना घरी!"

मंदी कागद गोळा करत राहिली. मग म्हणाली, "आय हाय. भाव नाय. खाडीत गेला तो." तिने हे मला इतक्या दिवसांत सांगितलं नव्हतं. "आयस अजून त्याला जेवाया हाक मारते. इसरते ना. हाक मारते नि मग तशीच बसते. मग मीच ओ देते."

"तू? का?"

"हाक तशीच कशी ठेवाची गो?"

थोड्या वेळाने ती म्हणाली, "नलूचा पण तसाच झाला. ती घरी गेली. बापसाने सवयीने तिच्या आयसला हाक मारली. नि नलूनं ओ दिली. तवापासून ती बोलाया लागली. हा खरा शेवट. आता परत इचारू नको."

मला तो शेवट मुळीच आवडला नाही. ओ दिली म्हणजे काय झालं? हा काय शेवट झाला का? मी तसं तोंडावर म्हटलं. मंदीने खांदे उडवले आणि पुढचं पोतं ओढलं.

श्रावण निम्मा सरला तरी रोह्याचा पाट आला नव्हता. आतोबांनी शेवटचे साचे भरायला घेतले होते. आत्या माझ्याकडे बघून वाल सोलता सोलता उसासे टाकायची, आणि मला पेणच्याच शाळेत पुढच्या वर्षीही ठेवायचं का, हे शेजारणीशी माझ्यासमोर बोलायची. मग एका दुपारी, नागोठण्याला नदीचं पाणी रस्त्यावर आलं म्हणून उशिरा सुटलेल्या एसटीने, अण्णा आले. खांद्यापर्यंत भिजलेले. काखेत टॉवेलात गुंडाळलेला पाट. मी पडवीतून पाहिलं आणि मंदीचा दंड इतका दाबला की ती ओरडली.

आत्याने टॉवेल सोडला आणि तिचा चेहरा पालटला. "हा कुठला पाट आणलास रे?"

"गणपतीचा."

"हा गणपतीचा? अरे, हा चुलीपुढचा. बसायचा. हा बघ कोपऱ्यात तव्याचा डाग. गणपतीचा पाट लाल, माळ्यावर असतो, लुगड्यात बांधून ठेवलेला."

"मला काय म्हायती, आक्का. दरवर्षी ती..."

डाग मला दुरूनच ओळखता आला. आई भाकरी भाजताना तवा उतरवून त्याच कोपऱ्यावर टेकवायची. बिचाऱ्या अण्णांनी स्वयंपाकघरात भिंतीला टेकलेला पाट बघितला असेल आणि उचलला असेल. इतकी वर्षं गणपती आणला, पण पाट कुठे असतो हे त्यांना कधी कळायचं कारणच पडलं नव्हतं. आमच्याकडच्या पुरुषांचं हे असं असतं. देव्हाऱ्यातला देव दिसतो, त्याच्याखालचं लाकूड दिसत नाही.

"उष्ट्याखरकट्याचा पाट, याच्यावर देव बसवायचा?" आत्या म्हणाली. "उद्या जा नि तो घेऊन ये."

"उद्या कुठली सुट्टी? हीच साहेबाच्या हातापाया पडून घेतली." अण्णांनी टॉवेल उचलला. "राहू दे, आक्का. या वर्षी नाय आणत गणपती. माझ्याच्यानं नाय व्हायचं हे."

ते वाकून पाट गुंडाळायला लागले. मी पळत गेले आणि पाटावर बसले. काही ठरवून नाही. आई बसायची तशीच बसले, एक पाय दुमडून आणि एक गुडघा उभा. तशी बसायची मला तोवर कधी परवानगी नव्हती.

"वंदू, ऊठ."

"नाय."

"ऊठ गो, एसटी जाईल."

"नाय उठणार. हा गणपतीला द्या. नायतर मला पण घेऊन जा, पाटासकट." आणि मग जी रडायला लागले ती लागलेच. आई गेल्यावर मी रडले नव्हते असं सगळे कौतुकाने सांगायचे. ते सगळं त्या दिवशी निघालं. अण्णा माझ्याकडे बघत होते, पण खरं म्हणजे माझ्याकडे नव्हते बघत. त्या उभ्या गुडघ्याकडे बघत होते.

कुटण्याचा आवाज थांबला होता. कोपरापर्यंत लगद्याने माखलेले आतोबा दारात आले. त्यांनी आधी पाटाकडे पाहिलं, मग मला विचारलं, "कोण बसायचं याच्यावर?"

"आई."

"आणि?"

"आणि कोणी नाय. ती कोणाला बसू द्यायची नाय."

"मग झालं तर. परकं कोण बसलेलं नाय." ते आत्याकडे वळले. "राखेनं घास नि दे मला. तव्याचा डाग दिसला तर दिसला. मोदक खाणाऱ्याला चुलीजवळचीच जागा बरी."

आत्या पुटपुटत राहिली, पण पाट तिनेच घासला. राखेने, मग चिंचेने, मग पुन्हा राखेने. डाग गेला नाही. तिला तो जायला नको होता की काय, असं मला आता वाटतं, कारण आत्याच्या हातून न गेलेला दुसरा डाग मी पाहिलेला नाही. अण्णा ओट्यावर बसून होते. निघताना मला म्हणाले, थेट मला, "गणपती न्यायला येईन तेव्हा तू पण तयार राहा."

आमची मूर्ती त्याच हौदातल्या लगद्याची झाली. नलूच्या गोष्टीचा शेवट कुठल्या मूर्तीत गेला हे देवालाच ठाऊक. मंदी छातीठोकपणे सांगायची की तो आमच्याच गणपतीच्या पोटात आहे. निघायच्या आदल्या दिवशी मी तिला विचारलं, तुला काय देऊ? माझ्याकडे द्यायला फक्त चांगली रिबीन होती. ती म्हणाली, "ते अर्धा पुस्तक दे. सुरवात माज्याकडं नाय. शेवट तर माझाच हाय." मी दिलं. ते तिला वाचता येणार नव्हतं, आणि मला सोडवत नव्हतं, तरी दिलं. तिने ते पोलक्यात खुपसलं आणि पावसात पळत गेली.

त्यानंतर मंदी मला भेटली नाही. पुढच्या पावसाळ्यात ती आली नाही. लग्न झालं असं कुणी म्हणालं, कुणी म्हणालं मुंबईकडे गेली. आत्या आणि आतोबा आता नाहीत, कारखाना त्यांच्या भाच्याने विकला, मंदीकडची मिठागरंही कधीच ओसाड पडली. हायवेवरून पेणला जाताना, आणि आमचा हायवे असा की विचार करायला वेळ भरपूर मिळतो, खाडीच्या बाजूला कुणी माझ्या वयाची बाई चालताना दिसली की मी काचेतून वळून बघते. तिला हाक मारावी आणि तिने ओ द्यावी, याच्याएवढी दुसरी इच्छा मला या वयात क्वचितच होते.

रोह्याला आम्ही दीड दिवसाचा गणपती बसवला. एसटीत मूर्ती अण्णांच्या मांडीवर, तोंडावरून रुमाल, आणि कंडक्टरपासून सगळे आम्हाला जागा देणारे. घरात धूळ होती, चूल नुसती चहापुरती पेटलेली. शेजारच्या काकूंनी मोदक आणून दिले. आरती मीच म्हटली, शाळेत म्हणतात तशी, फार मोठ्याने. दुसऱ्या दिवशी दुपारी ते मूर्ती घेऊन शेजाऱ्यांबरोबर नदीवर निघाले. मलाही जायचं होतं, पण काकू म्हणाल्या, घर रिकामं ठेवायचं नसतं. पाट परत येतो तेव्हा घ्यायला घरात बाईमाणूस हवं. त्या घरात बाईमाणूस म्हणजे मीच होते.

मी स्वयंपाकघरात बसले, पाट असायचा त्या जागेपाशी. जमिनीवर त्याच्या पायांच्या खुणा अजून होत्या. नदीकडून ताशाचा आवाज येत होता, मग तो थांबला. आता मूर्ती पाण्यात गेली असणार. नलू, मास्तर, बाळू, जे काही पुढे झालं असेल ते सगळं, नदी घेऊन गेली असणार. मला रडू आलं नाही. फक्त घर फार मोठं वाटलं. बऱ्याच वेळाने अंगणात पावलं वाजली. चपला काढल्याचा आवाज आला नाही. अण्णा दाराबाहेरच थांबले होते, ओला पाट हातात घेऊन, वर वाळू.

"सुमन," त्यांनी हाक मारली, नेहमीच्या, शिफ्टवरून आल्याच्या आवाजात. "पाट घे गो."

आणि मग काहीच नाही. हाक घरभर फिरली आणि माझ्यापाशी येऊन थांबली.

"ओ," मी म्हटलं, आणि पाट घ्यायला उठले.